सहाव्या डब्यातल्या शेंगापोळ्या

१

“तोंडाकडं बघू नगं, गौरा. ताटाकडं बघ. तोंड कसं बी करता येतं माणसाला, ताट न्हाई.”

सासूबाईंना जाऊन अकरा वर्षं झाली होती, तरी हा आवाज गौरम्माला अधूनमधून अगदी कानाशी यायचा. बाळी वेशीजवळची खानावळ त्यांनी तिच्या हाती दिली, ती या एवढ्या बोलासकट. वैशाखातल्या त्या मंगळवारी पहाटे मात्र आवाज आला तेव्हा समोर ताट नव्हतं. डाव्या तळहातावर इष्टलिंग होतं, कपाळाला ओली विभूती होती, आणि देवघराच्या उंबऱ्यावरून मुंग्यांची एक बारीक, शिस्तीची रांग माजघराकडं चालली होती.

पूजा पुरी होईस्तोवर पाण्याचा घोट नाही आणि तोंडातून शब्द नाही, हा गौरम्माचा नेम लग्नापासूनचा. तिनं नजर लिंगावर आणली. नजर पुन्हा मुंग्यांकडं गेली.

रांग ज्वारीच्या कणगीला वळसा घालून भिंतीशी रचलेल्या पत्र्याच्या डब्यांकडं जात होती. भाकरीएवढे गोल, चपटे, सात डबे. सिनेमाचे. गेला महिनाभर मुंबईची एक मंडळी सोलापुरात हिंदी चित्रपट काढत होती. नाचगाण्यांचा नव्हे. शिवपुत्र मास्तरांची ‘बारवेची उतरण’ नावाची कादंबरी होती, तिच्यावरचा. गाणं एकही नाही आणि नटीच्या तोंडाला रंगही नाही. मंडळी जेवायला गौरम्माकडं. उन्हानं फिल्म खराब होते म्हणून घेतलेलं चित्रण ठेवायला गार जागा हवी होती, आणि तिच्या माजघराइतकं गार त्या गल्लीत काही नव्हतं. “माझ्या देवाशेजारी राहतील, मी सांभाळते,” असं तिनं आपण होऊन म्हटलं होतं.

पत्र्याला आणि फिल्मला मुंगी कशाला येईल?

तिनं पूजा घाईनं उरकली नाही. बेल वाहिला, करुणेचं पाणी, म्हणजे लिंगावरचं तीर्थ, घेतलं, लिंग गळ्यात बांधलं, आणि मग उठून बाहेर चहाला आलेल्या डिमेलोला हाक मारली. डिमेलो म्हणजे कॅमेऱ्याचा मदतनीस, वसईचा पोरगेला माणूस. डबे त्याच्या ताब्यात असत. त्यानं सहावा डबा उचलला आणि तिथंच थबकला. डबा हलका लागत होता. कडेची पांढरी पट्टी नीट चिकटवलेली होती, पण सोलताना तिच्या पोटाला पीठ लागलेलं दिसलं.

झाकण निघालं. आत चार शेंगापोळ्या होत्या. दाण्याच्या कुटाच्या, गुळाच्या, डब्याच्या मापानं लाटल्यासारख्या, एकीवर एक नीट ठेवलेल्या.

डिमेलोनं पोळ्यांखाली बोट घालून डब्याचा तळ चाचपला. “मावशी,” तो म्हणाला, “यात बारवेचा सीन होता.”

२

दिग्दर्शक विनायक रेगे अर्ध्या तासात आला. उंच, कृश, महिनाभरात एकदाही मोठ्यानं न बोललेला माणूस. पोळ्यांकडं त्यानं बराच वेळ पाहिलं आणि हे कुणाला विनोदी वाटलं असेल का, असं हळूच विचारलं. त्या हळू बोलण्याचीच गौरम्माला जास्त धास्ती वाटली.

नुकसान काय झालं ते डिमेलोनं तिला समजावलं. फिल्मची गुंडाळी काळ्या कागदात बांधून डब्यात ठेवतात. कागद उघडला आणि उजेड लागला की सगळं गेलं. कागद न उघडताही या उन्हात दोन दिवस कुठं तापत पडली तरी गेलीच म्हणायची. आणि तो सीन पुन्हा घेता येणार नव्हता, कारण नटी काल सकाळच्या गाडीनं मुंबईला गेली, तिला दुसरं काम होतं. कोरी फिल्म उरली होती ती एक डबाभर. बाहेर कुणाला कळलं तर सरकारी कर्जावर उभा असलेला चित्रपट तिथंच बसला असता.

सीन शेवटचा होता. नवऱ्यानं दुसरी बायको आणून दार लावून घेतलेली एक बाई पहाटे बारवेच्या पायऱ्या उतरते. मास्तरांच्या कादंबरीत ती पाण्यापर्यंत जाते आणि परत येते. रेग्यांच्या चित्रपटात परत येत नाही. शेवटी पाण्यावर तिचा पदर तेवढा राहतो. रविवारी अक्कलकोट रोडच्या पलीकडच्या एका गावच्या बारवेवर ते चित्रण झालं. नटीला नेसवलेली जुनी इरकल खानावळीत भाकरी करणाऱ्या केराबाईची होती.

पट्टीला पीठ, म्हणजे स्वयंपाकघरातला माणूस, असं रेग्यांचं म्हणणं पडलं. आणि स्वयंपाकघरातला रागावलेला माणूस एकच होता, रुद्रप्पा. वाढप्या, साठीचा, दुष्काळात सांगोल्याकडून आला आणि इथंच राहिला. त्याला रेग्यांनी गर्दीतल्या म्हाताऱ्याचं काम दिलं होतं. समोरच्या म्हशीकडं बघ म्हटलं की तो हटकून कॅमेऱ्याकडं बघे. चौथ्या वेळी त्याला बाजूला केलं. “म्हशीला ठिवलं, मला काढलं,” हे तो आठ दिवस येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगत होता.

“पाच वाजता डबे स्टेशनवर न्यायचे आहेत,” रेगे म्हणाला. “तोवर सहावा मिळाला तर मी काही विचारणार नाही. नाही मिळाला तर रुद्रप्पाला चौकीवर नेईन. मला वाईट वाटेल, पण नेईन.”

रुद्रप्पा दाराच्या पायरीवर बसला होता. त्यानं ते ऐकलं. “अव्वा,” तो गौरम्माकडं न बघता म्हणाला, “मी काय करू त्या डब्याचं? त्यात मी न्हाईच की.”

३

गौरम्मानं कुणालाच चोर म्हटलं नाही आणि कुणाला निर्दोषही म्हटलं नाही. तिनं सोमवारची संध्याकाळ ताटांवरून आठवायला घेतली.

शेंगापोळ्या सोमवारीच होत. माणशी दोन. सोमवारी पहिली पंगत वाढून ती तळ्यातल्या सिद्धेश्वराला जाई आणि तासाभरानं परते. ती निघण्याआधी डिमेलोनं दिवसाचा सातवा डबा आणून ठेवला होता, सगळे मोजले होते, सहाव्याची पट्टी शाबूत होती. परत आल्यावर माजघराच्या दाराशी तिनंच अंथरूण टाकलं. म्हणजे जे झालं ते त्या एका तासात झालं. त्या तासभर रुद्रप्पा बाहेरच्या दारात बसून होता आणि रस्त्यावरून कुणी आत आलं नाही, असं तोच शपथेवर सांगत होता. त्यानं स्वतःची किती अडचण करून घेतली आहे हे त्याला कळत नव्हतं. बाहेरचं कुणी नाही, म्हणजे आतलंच.

बाकीची पंगत उठून गेल्यावर आत कोण होतं? रेगे, डिमेलो, मास्तर, रुद्रप्पा. आणि चुलीपाशी केराबाई.

डिमेलोला तिनं परसात नेऊन विचारलं. तो इतका घाबरलेला होता की न विचारलेलंही सांगू लागला. गेल्या आठवड्यात उजेड न शिरणाऱ्या काळ्या पिशवीत हात घालून कॅमेऱ्याची फिल्म भरताना घामानं एकदा हात निसटला होता; कदाचित एक गुंडाळी त्याच्याच हातून बिघडली असेल, रेगेसाहेबांना सांगितलं नव्हतं. गौरम्माच्या मनात पाल चुकचुकली. आपली चूक झाकायला माणूस डबा नाहीसा करू शकतो. पण सोमवारचं त्याचं ताट तिला आठवत होतं. दाढ सुजलेली, गालात लवंग धरलेली. दोन्ही पोळ्या त्यानं शिवल्याही नव्हत्या, आणि त्या लगेच रुद्रप्पानं उचलल्या. स्वतःच्या दोन आणि या दोन, चारही तिच्यादेखत संपवून तो रात्री पोट धरून बसला होता. रुद्रप्पानं पोळी कुठं ठेवली असेल तर ती पोटातच.

रेग्यांनी दोन्ही खाल्ल्या, वर तूप मागितलं.

राहिले मास्तर. त्यांचं आणि रेग्यांचं शनिवारी याच ओसरीवर वाजलं होतं. शेवट बदलल्याचं मास्तरांना त्याच दिवशी कळलं. माझ्या बाईला मारायचा अधिकार तुम्हाला कुणी दिला, असं त्यांनी विचारलं, आणि रेग्यांनी शांतपणे, तुम्हीच सही करून दिलात, असं सांगितलं. कागद इंग्रजीत होता. मास्तरांनी तो न वाचता सही केली होती. उठताना ते जे म्हणाले, ते पंगतीतल्या सगळ्यांनी ऐकलं होतं, “हा सीन मुंबईला पोचायचा नाही.”

रेग्यांना याची आठवण कुणी करून दिली नव्हती, अजून तरी.

भांडी घासण्याच्या दगडापाशी कालचे जेवणाचे डबे पालथे पडले होते. दुपारी शूटिंगवर असत त्यांच्यासाठी खानावळीतून डबे जात. मुंबईची माणसं ते घासूनपुसून लख्ख परत करत, पण रिकामे. केराबाईला त्याचा भारी राग. भुताच्या घरून आल्यागत डबं येत्यात, असं ती रोज पुटपुटायची.

गौरम्मा त्या पालथ्या डब्यांकडं बघत उभी राहिली. काहीतरी जुळत होतं आणि हातात येत नव्हतं.

४

दुपारच्या पंगतीत कुरकुर झाली. नेहमीचे गिऱ्हाईक वीरभद्रप्पा सूतवाले यांनी भाकरीचा तुकडा उजेडात धरला आणि आज खानावळीत सरकारी रेशन आलंय का, असं विचारलं. लोक हसले. भाकरी खरंच वेगळी होती. लालसर, कडेला चिरलेली, घास मोडताना भुगा होणारी. गौरम्माकडची भाकरी मालदांडी ज्वारीची, पांढरीशुभ्र आणि पापुद्र्याची. ही तर हायब्रीडची. दुष्काळात मिळालेलं एक पोतं मागच्या पडवीत उरलं होतं, ते म्हशीला घालायचं ठरलेलं.

तिनं केराबाईला काही विचारलं नाही. भाकरीचा चतकोर पदराच्या टोकाला बांधला आणि चप्पल घातली.

मास्तर बसत त्या पाटाशी भिंतीत एक कोनाडा होता. जाता जाता तिचं लक्ष तिथं गेलं. मास्तर एकटे राहत. दर सोमवारी आपल्या दोन पोळ्या ते घरी नेत, सकाळच्या चहाबरोबर खायला, आणि त्यासाठी जुन्या वर्तमानपत्राचं पान घडी घालून आणत. ते पान कोनाड्यातच होतं. तिनं उलगडलं. तुपाचा एक डाग नव्हता.

मास्तरांच्या खोलीत त्यांनी तिला खुर्ची दिली आणि स्वतः उभे राहिले. रुद्रप्पाला चौकीवर नेणार आहेत, हे तिनं सांगितलं तेव्हा त्यांचा चेहरा बदलला. मग तिनं कालच्या पोळ्या कशा झाल्या होत्या ते विचारलं. छान झाल्या होत्या, सकाळी चहाबरोबर खाल्ल्या, ते म्हणाले. तिनं घडी घातलेलं पान त्यांच्यासमोर ठेवलं.

मास्तरांनी पान उलगडलं आणि पुन्हा त्याच घडीवर दुमडलं.

“गौरम्मा,” ते म्हणाले, “मी डबा उघडला नाही. मला यापुढं काही विचारू नका. एकाला दिलेला शब्द मी सही करून मोडलाय. दुसऱ्यांदा मोडायला लावू नका.”

“कुणाला दिलेला?”

मास्तरांनी पान तिच्याकडं परत सरकवलं. पाच वाजता आपण स्वतः चौकीवर जाऊ आणि आपणच घेतला म्हणून सांगू, एवढंच ते बोलले. ते खरं बोलत नव्हते, आणि खोटंही बोलत नव्हते. गौरम्मा उठली. घड्याळात साडेतीन झाले होते.

५

रस्ता तापला होता. चालता चालता तिनं सगळं पुन्हा एकदा ओळीनं मांडलं, पूजेचं साहित्य मांडावं तसं.

डब्यात चार पोळ्या. न खाल्लेल्या पोळ्या काल दोघांच्याच उरल्या होत्या. एक मास्तर. दुसरी केराबाई, सोमवारचा उपास ती संध्याकाळी भाकरीवर सोडी आणि आपल्या पोळ्या फडक्यात बांधून ठेवी. दोन आणि दोन चार.

पण पोळ्या ठेवल्याच कशाला? फसवायचं असतं तर वजनाचा दगड ठेवला असता. डिमेलोला डबा हातात घेताच हलका लागला होता. रिकामाच ठेवला असता तर मुंगी आली नसती, आणि पोळ्या ठेवणाऱ्याला हे कळत नव्हतं असं थोडंच. म्हणजे पोळ्या कुणाला फसवायला नव्हत्या. जिनं ठेवल्या तिच्या लेखी ती चोरीच नव्हती. दुसऱ्याचा डबा होता, त्यातली वस्तू काढून घेतली, डबा ज्याचा त्याला परत केला. आणि शेजारणीचा डबा कुणी रिकामा परत करतं का? चिमूटभर साखर, गुळाचा खडा, काही नाही तर मूठभर दाणे. गौरम्माचा स्वतःचा हात आजवर रिकाम्या डब्यावर झाकण लावू शकला नव्हता.

मुंबईच्या माणसाला हे सुचलं नसतं. रुद्रप्पानं पोळी सोडली नसती.

आणि भाकरी. जोंधळ्याचं पीठ शिळं झालं की भाकरी थापत नाही, म्हणून केराबाई रोज सकाळी कणगीतून दिवसापुरती ज्वारी काढून गिरणीत नेई. कणगी मालदांडीनं अर्धीअधिक भरलेली होती. तरी आज म्हशीचं पोतं उघडलं गेलं होतं. कणगीत हात घालायचा नव्हता म्हणून. किंवा दुसऱ्या कुणाला घालू द्यायचा नव्हता म्हणून.

माजघरात केराबाई कणगीला टेकून तांदूळ निवडत होती. गौरम्मानं पदराची गाठ सोडून भाकरीचा चतकोर तिच्या सुपात ठेवला.

केराबाईनं त्याकडं पाहिलं. मग सूप बाजूला ठेवलं, उठली, बाही सारून कणगीत खांद्यापर्यंत हात घातला आणि काळ्या कागदाची गोल पुडी वर काढली. तिच्यावरचे दाणे फुंकरीनं उडवले.

“कागद उघडला न्हाई,” ती म्हणाली. “आत काय हाय ते मला म्हाईत हाय की.”

तीस वर्षांपूर्वीची एक पहाट गौरम्माच्या डोळ्यांपुढं उभी राहिली. ती नवी सून होती. खानावळीच्या दारात एक विशीतली बाई उभी होती, लुगडं गुडघ्यापर्यंत ओलं, बाकी कोरडं. गौरम्मा तिच्या तोंडाकडं टक लावून बघत राहिली, तेव्हा सासूबाई तो बोल बोलल्या होत्या. ताट वाढलं. बाईनं चार भाकऱ्या खाल्ल्या, ताट पुसून घेतलं, आणि दुसऱ्या दिवशी चुलीपुढं बसली. कुठून आली हे कुणी विचारलं नाही. आणि बारा वर्षांमागं मास्तरांनी याच ओसरीवर कादंबरीचं शेवटचं प्रकरण वाचून दाखवलं, तेव्हा कामात कधी हात न थांबवणारी केराबाई पिठाच्या हातांनी दारात उभी होती. हे दोन्ही आपण बघितलं होतं आणि शेजारी शेजारी कधी ठेवलं नव्हतं.

“ती तू होतीस,” गौरम्मा म्हणाली.

“व्हय. मास्तरास्नी मीच सांगितलं. त्येंनी शब्द दिला हुता, बाई परत येईल, कुटंबी. घंटा वाजती म्हनून परत येती असं लिवलंय त्येंनी. घंटा-बिंटा काय नव्हती. पाण्यात पाय घातला, पाणी लई गार. आन् एकदम भूक लागली. म्हनलं, आदी खावं कायतरी.”

ती क्षणभर हसली, मग हसू विरलं. रविवारी ती भाकऱ्यांचं गाठोडं घेऊन बारवेवर गेली होती. तिची इरकल नेसलेली नटी पायऱ्या उतरली, आणि वर आली नाही. पाण्यावर पदर तरंगत राहिला आणि सगळी माणसं टाळ्या वाजवू लागली. ते लुगडं ओलंच घरी आलं. तिनं ते तीनदा धुतलं, तरी नेसवेना.

“मी जित्ती हाय की, अक्का,” केराबाई म्हणाली. “तीस वर्सं भाकरी थापतीया. मग त्यो मला मारणारा कोन?”

काल तासभरात तिनं पुडी काढली तेव्हा मास्तर दारात आले. त्यांनी अडवलं नाही. पोळ्या का ठेवल्या, असं गौरम्मानं विचारलं, तेव्हा केराबाईला तो प्रश्नच नीट कळला नाही.

“दुसऱ्याचा डबा रिकामा कसा ठिवू? माझ्या दोन घातल्या, तर निम्माच भरला. मास्तरास्नी म्हनलं, तुमच्या बी द्या.”

बाहेर जीप थांबल्याचा आवाज आला. पाच वाजायला आले होते. केराबाईनं पुडी गौरम्माच्या हातात दिली आणि हात सोडायच्या आत म्हणाली, “रुद्रप्पाला सोडवा. माझं नाव मातुर...”

“नाही सांगणार,” गौरम्मा म्हणाली.

६

रेग्यांनी पुडी डिमेलोला दिली. डिमेलोनं काळा कागद चहूकडून चाचपला, गाठ बघितली आणि मान डोलावली. चौकीवर निघालेले मास्तर दारातून ते बघून माघारी फिरले. रुद्रप्पा पायरीवरून उठून, कुणाला न विचारता, सगळ्यांसाठी चहा टाकायला गेला.

“कुणी?” रेगे म्हणाला.

विचारणार नाही म्हणाला होतात, याची गौरम्मानं आठवण दिली. मग तिनं तिच्या बाजूनं एक विचारलं. शेवट का बदलला? रेग्यांनी सौम्यपणे उत्तर दिलं, बोलण्यावर स्वतःचा विश्वास होता हे दिसत होतं. लोक खुर्चीत अस्वस्थ व्हायला हवेत. कादंबरीत परत येणं सोपं असतं. खऱ्या आयुष्यात ती बाई परत येत नाही.

“येते,” गौरम्मा म्हणाली. “मी बघितलीय. लुगडं गुडघ्यापर्यंत ओलं होतं. तुम्ही ज्या बाईला बुडवलंत, साहेब, ती जिवंत आहे. तिनं तुमचं काही चोरलं नाही. तुम्ही तिचं नेत होतात, तेवढं तिनं काढून घेतलं. आणि तुमचा डबा रिकामा परत केला नाही.”

रेगे डिमेलोकडं वळला. बारवेच्या किती पायऱ्या कोरड्या आहेत, असं त्यानं डिमेलोला विचारलं; चौदा, डिमेलो म्हणाला. मग तो डबे घेऊन गेला. त्यानं चौकी मनातून काढली की नाही, याचा रुद्रप्पाला भरवसा नव्हता. पण रात्रीचं जेवण मुक्कामावर पाठवा असा निरोप आला, तेव्हा डबा घेऊन तोच गेला.

रात्री उशिरा तो परतला. स्टेशनवरून सहाच डबे रवाना झाले, एक साहेबांनी मागं ठेवून घेतला, असं त्यानं सांगितलं. त्यानं दगडावर ठेवलेला जेवणाचा डबा केराबाईनं घासायला उचलला, आणि तिचा हात थांबला. डबा जड होता.

तिनं झाकण काढलं. तळाशी मूठभर साखर होती. वरच्या कप्प्यात कागदाची चिठ्ठी. केराबाईला वाचता येत नव्हतं. गौरम्मानं कंदिलाशी धरून वाचली, “उद्या सकाळी सात. कोरी फिल्म एक डबा आहे. चौदा पायऱ्या वर चढणारे पाय हवेत. तोंड दिसणार नाही, नाव विचारणार नाही.”

गौरम्मानं काही सुचवलं नाही. गेली तर बारवेवरचे चार जण तरी ओळखतील, आणि तीस वर्षं झाकलेलं बाजारात जाईल. न गेली तर सहावा डबा आहे तसाच उद्याच्या गाडीनं जाईल. केराबाईलाही हे कळत होतं. तिनं साखरेचा एक दाणा बोटावर घेऊन चाखला.

“येती म्हनून सांगा त्येस्नी,” ती म्हणाली.

रुद्रप्पा निजायला गेला होता, आता निरोप न्यायला कुणी नव्हतं. गौरम्मा तसं म्हणाली.

“मग मीच सकाळी जाऊन सांगती.”

पहाटे गौरम्मा पूजेला बसली. डाव्या तळहातावर लिंग होतं, ओठ मिटलेले. उंबऱ्यावर मुंग्या नव्हत्या. स्वयंपाकघरातून भाकरी थापल्याचा आवाज बराच आधी येऊन थांबला होता. मग माजघरातून पावलं आली. तोंडाकडं बघायचा मोह गौरम्मानं आवरला. तिनं खालीच पाहिलं. घोट्यावर इरकलीचे लाल काठ, भेगा पडलेल्या कोरड्या टाचा. काखेत भाकऱ्यांचं गाठोडं. बारवेवरची माणसं उपाशी कशी ठेवायची.

पावलं देवघरासमोर जराशी थांबली. गौरम्माला बोलता येत नव्हतं. तिनं विभूतीचं बोट पुढं केलं, आणि केराबाईनं वाकून कपाळ दिलं.

मग तिनं बाहेरच्या दाराची कडी आवाज न करता सरकवली आणि अक्कलकोट रोडच्या दिशेनं, बारवेच्या वाटेला लागली.